अपघातातील जखमींचा भरपाई दावा: कोल्हापुरातील एका वकिलांच्या सेवेचा अभिप्राय

मोटार अपघातात जखमी झालेल्या माझ्या दिरांचा नुकसानभरपाईचा दावा कोल्हापुरातील ज्या वकील मॅडमनी चालवला, त्यांच्या सेवेबद्दल हा अभिप्राय आहे. त्यांचे नाव मी देत नाही, कारण बार कौन्सिलच्या नियमांनुसार वकिलांना जाहिरात करण्यास मनाई आहे आणि नावासकट केलेली स्तुती आडमार्गाची जाहिरात ठरेल, अशी त्यांनाच धास्ती वाटते. नावाशिवायही हा मजकूर उपयोगी पडावा असे मला वाटते, कारण अपघाताच्या दाव्यासाठी वकील निवडताना नेमके काय पाहायचे असते, हे ऐन गरजेच्या वेळी घरातल्या कोणालाच ठाऊक नसते.

भाऊजी व्यवसायाने सुतार आहेत आणि अपघाताच्या वेळी त्यांचे वय 38 होते. 2023 च्या पावसाळ्यात पुणे-बेंगळुरू महामार्गावर, सांगली जिल्ह्याच्या हद्दीत, त्यांच्या मोटारसायकलला एका मालवाहू पिकअपने मागून धडक दिली. उजव्या नडगीचे हाड गुडघ्याच्या सांध्यापर्यंत फुटले, प्लेट आणि स्क्रू बसवावे लागले आणि जखम भरल्यानंतरही गुडघा काटकोनापलीकडे वाकेनासा झाला. चालणे, जिना चढणे, दुचाकी चालवणे हे सगळे हळूहळू जमू लागले. त्यामुळे बाहेरून पाहणाऱ्याला हा माणूस बरा झाला असेच वाटते, आणि पिकअपच्या विमा कंपनीची सारी भिस्त याच वाटण्यावर होती.

वकिलांकडे जाण्याआधी दुसऱ्या प्रकारची ‘सेवा’ रुग्णालयाच्या वॉर्डातच चालून आली होती. एका सद्गृहस्थाने येऊन कागदपत्रांचा सगळा खर्च आपण करू, रक्कम हाती आली की तीस टक्के द्या, असा प्रस्ताव मांडला आणि वर ‘अडीच लाख तर कुठेच जात नाहीत’ असेही आश्वासन दिले. हे अडीच लाख म्हणजे मोटार वाहन अधिनियमाच्या कलम 164 खालची, चूक कोणाची हे सिद्ध न करता गंभीर दुखापतीसाठी मिळणारी ठरीव रक्कम होय; मृत्यू झाला असल्यास ती पाच लाख असते. मात्र ती रक्कम स्वीकारली की कलम 166 खालचा, म्हणजे समोरच्याची चूक दाखवून पूर्ण नुकसानभरपाई मागण्याचा मोठा दावा संपुष्टात येतो, हे त्या गृहस्थाने सांगितले नाही. शिवाय निकालावर अवलंबून असलेली फी ठरवणे किंवा भरपाईत वाटा घेणे वकिलांना आचारसंहितेने निषिद्ध आहे, त्यामुळे टक्केवारीचे बोलणे सुरू झाले की समोरचा माणूस एक तर वकील नाही किंवा नियम मोडणारा वकील आहे, एवढे निदान तिथल्या तिथे करता येते.

वकील मॅडमच्या पहिल्या भेटीतच त्यांच्या कामाची पद्धत कळून आली. डिस्चार्ज कार्ड आणि एक्स-रे त्यांनी चाळल्यासारखे केले आणि बाजूला ठेवले. त्यानंतर बराच वेळ त्या भाऊजींना त्यांच्या कामाविषयीच विचारत राहिल्या. किचनच्या ट्रॉल्या बसवताना किती वेळ उकिडवे बसावे लागते, प्लायवुडचा अख्खा ताव दोघे मिळून उचलता की एकटे, शिडीवर उभे राहून ड्रिल धरताना भार कोणत्या पायावर येतो, हाताखाली किती मुले असतात आणि त्यांना रोज काय द्यावे लागते, असे ते प्रश्न होते. भाऊजी थोडे वैतागून म्हणाले, “मॅडम, पाय मोडलाय, त्याचं काय ते बोला ना.” त्यावर त्या म्हणाल्या, “पायाचं डॉक्टर बोलतील. मला तुमच्या हातातलं काम किती गेलं ते कोर्टाला दाखवायचंय.”

जखमींच्या दाव्यातला सगळा गाभा या उत्तरात आहे आणि त्याचे मूळ सर्वोच्च न्यायालयाच्या 2010 च्या राजकुमार विरुद्ध अजयकुमार या निकालात आहे. शरीराचे अपंगत्व किती टक्के आणि कमाईच्या क्षमतेत झालेली घट किती टक्के या दोन वेगळ्या गोष्टी असून भरपाई दुसऱ्या टक्क्यावर ठरते, असे त्या निकालाने स्पष्ट केले. तिथे दिलेले उदाहरणच बोलके आहे: डावा हात गमावलेल्या माणसाचे शारीरिक अपंगत्व साठ टक्क्यांच्या आसपास धरले, तरी तो चालक किंवा सुतार असेल तर त्याची कमाई जवळजवळ पूर्ण बुडते, तोच सरकारी कार्यालयातला कारकून असेल तर त्याची नोकरी बहुधा टिकते. एका अवयवाच्या संदर्भात प्रमाणपत्रावर लिहिलेला टक्का संपूर्ण शरीराचा टक्का म्हणून धरता येत नाही, हेही त्याच निकालात आहे आणि विमा कंपन्यांचे वकील तेवढाच भाग आवर्जून वाचून दाखवतात.

भाऊजींच्या प्रकरणात नेमके हेच झाले. प्रमाणपत्रात उजव्या पायाच्या संदर्भात 40 टक्के कायम अपंगत्व लिहिले होते. विमा कंपनीने ते संपूर्ण शरीराच्या हिशेबात 20 टक्के धरले, महिन्याची कमाई पुराव्याअभावी 12,000 रुपये मानली आणि भविष्यातील वाढ अजिबात जमेस धरली नाही. वर्षाचे 1,44,000, त्याला वयानुसार 15 चा गुणक (वर्षाच्या कमाईला ज्याने गुणायचे तो आकडा) आणि त्याचे 20 टक्के, म्हणजे 4,32,000 रुपये, असा तो हिशेब होता. आमच्या बाजूने कमाई 18,000 मांडली गेली. वयाची चाळिशी न गाठलेल्या स्वयंरोजगारी माणसासाठी 2017 च्या प्रणय सेठी निकालानुसार 40 टक्के भविष्यातील वाढ त्यात मिळवली आणि कमाईच्या क्षमतेतील घट 35 टक्के सांगितली. हा आकडा 15,87,600 रुपये झाला. दोन्ही हिशेबांत गुणक एकच होता, कारण 2009 च्या सरला वर्मा निकालाने 36 ते 40 या वयोगटासाठी तो 15 असा ठरवूनच दिलेला आहे. भविष्यातील वाढ फक्त मृत्यूच्या दाव्यात मिळते, हा युक्तिवादही 2020 नंतर टिकत नाही, कारण पप्पू देव यादव प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ती जखमींनाही लागू केली. सूत्र सगळ्यांना पाठ असते. त्यात घालायचे आकडे कोण पुराव्यानिशी उभे करतो, यावर सेवेची किंमत ठरते.

या बाबतीत मॅडमना मी पूर्ण गुण देईन. भाऊजींनी आयकर विवरणपत्र कधी भरले नव्हते आणि बरेच पैसे रोखीने येत असत. तरीही मॅडमनी प्लायवुड आणि हार्डवेअरच्या दुकानदाराच्या खातेवहीचा उतारा मिळवला, बँकेच्या पासबुकातील ग्राहकांकडून आलेल्या नोंदी वेगळ्या काढायला लावल्या आणि मोबाइलमधील जुन्या कामांचे फोटो तारखांसह छापून घेतले. ज्यांच्या घरी भाऊजींनी पूर्ण फर्निचर केले होते अशा एका सेवानिवृत्त शिक्षकांना साक्षीसाठी तयार केले. उलटतपासात ‘तुम्ही त्यांच्याकडून पावती घेतली होती का’ असे विचारल्यावर त्या गुरुजींनी ‘सुताराला पावती मागणारा माणूस मला आजवर भेटला नाही’ असे उत्तर दिले, ते साक्षीत जसेच्या तसे नोंदवले गेले.

डॉक्टरांची साक्ष हा या सेवेतला सर्वांत कठीण भाग असतो, हे मला या निमित्ताने समजले. केवळ प्रमाणपत्र दाखल केले की काम झाले असे नसते. ते देणाऱ्या किंवा उपचार करणाऱ्या डॉक्टरांनी ते सिद्ध करावे लागते, आणि दवाखाना सोडून न्यायालयात थांबायला डॉक्टर सहसा राजी नसतात. मॅडमनी शल्यचिकित्सकांच्या सोयीची वेळ आधी विचारून तारीख मागितली आणि त्यांच्याकडून दोन गोष्टी स्पष्ट वदवून घेतल्या: असा गुडघा असलेल्या माणसाला उकिडवे बसून किंवा गुडघे टेकून सलग काम करता येणार नाही, आणि प्लेट काढण्याची दुसरी शस्त्रक्रिया पुढे लागेल. दुसऱ्या शस्त्रक्रियेच्या अंदाजे खर्चाचे पत्र रुग्णालयाच्या शिक्क्यानिशी आधीच दाखल केलेले असल्यामुळे भविष्यातील उपचारांचा खर्च हे शीर्षक केवळ मागणीपुरते राहिले नाही.

विमा कंपनीचे दोन कायदेशीर बचाव त्यांनी ज्या सहजतेने परतवले, त्याचाही उल्लेख करायला हवा. पहिला बचाव असा होता की पिकअपच्या चालकाकडे हलक्या मोटार वाहनाचा परवाना असला तरी मालवाहतुकीची वेगळी नोंद नव्हती, म्हणून पॉलिसीच्या अटींचा भंग झाला. 6 नोव्हेंबर 2024 रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने 7,500 किलोपर्यंतच्या वाहतूक वाहनांसाठी हलक्या वाहनाचा परवाना पुरेसा असल्याचे सांगितले आणि तो बचाव तिथेच संपला. दुसरा बचाव रुग्णालयाच्या बिलांविषयी होता. भाऊजींच्या कुटुंबाची आरोग्य विमा पॉलिसी असल्यामुळे बिलाचा मोठा भाग त्या कंपनीने भरला होता, तेव्हा ती रक्कम भरपाईतून वजा करावी, असे म्हणणे होते. मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने 28 मार्च 2025 रोजी या प्रश्नाचा निर्णय जखमींच्या बाजूने दिला: मेडिक्लेमची रक्कम हप्ते भरून केलेल्या कराराची असते, अपघात करणाऱ्याच्या विमा कंपनीला तिचा फायदा मिळू शकत नाही. मॅडमनी निकालाची प्रत पुढच्याच तारखेला दाखल केली. (हेल्मेट घातले नव्हते असाही एक मुद्दा लेखी म्हणण्यात होता. हेल्मेट होते, आणि नसते तरी त्याने गुडघा कसा वाचला असता, हे मात्र कोणी सांगितले नाही.)

आता उणिवांबद्दल. मॅडम स्वतः फोन घेत नाहीत. सगळा व्यवहार त्यांच्या कारकुनामार्फत होतो आणि हे गृहस्थ प्रत्येक प्रश्नाला ‘पुढच्या तारखेला बघू’ एवढेच उत्तर देतात. तारखेला काय घडले हे आम्ही ई-कोर्ट्सच्या ॲपवर प्रकरण क्रमांक टाकून पाहत असू, कारण कार्यालयाकडून आपणहून कधीच काही कळवले गेले नाही. समन्सची बजावणी पिकअपच्या मालकाला दीर्घकाळ झाली नाही, कारण अर्जात नोंदणी पुस्तकावरचा जुना पत्ता घातला गेला होता. नवा पत्ता पोलिसांच्या कागदपत्रांत उपलब्ध होता, तो पाहायला हवा होता. त्याहून मला खटकलेली गोष्ट म्हणजे बिले कशी जपावीत याची सूचना पहिल्या भेटीत मिळाली नाही. औषधांच्या दुकानातल्या थर्मल कागदाच्या पावत्यांवरील शाई काही महिन्यांत उडते. दाखल करायची वेळ आली तेव्हा त्यातल्या कित्येक पावत्या कोऱ्या झाल्या होत्या. फिजिओथेरपीसाठी जाण्यायेण्याचा रिक्षाखर्च, घरी शुश्रूषेसाठी ठेवलेल्या माणसाचा पगार यांच्या सह्यांनिशी नोंदी ठेवण्याचेही कोणी सुचवले नाही. कामाविषयी इतके बारकाईने विचारणाऱ्या कार्यालयाने एक छापील कागद अशिलाच्या हाती दिला असता, तर हे नुकसान टळले असते.

मुदतीच्या बाबतीत मात्र त्या काटेकोर होत्या. 1 एप्रिल 2022 पासून दावा अपघातानंतर सहा महिन्यांच्या आत दाखल करण्याची अट पुन्हा लागू झाली आहे आणि रुग्णालय, पुन्हा शस्त्रक्रिया, कर्ज अशा धबडग्यात ही मुदत कशी निघून जाते ते कळत नाही. पोलिसांनी पहिला अपघात अहवाल 48 तासांत आणि सविस्तर अहवाल 90 दिवसांत मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाकडे पाठवावा असे नियम 2022 मध्ये आले असून तो अहवालच दावा म्हणून स्वीकारता येतो. परंतु त्या अहवालाची वाट पाहत न बसता मॅडमनी प्राथमिक माहिती अहवाल, घटनास्थळ पंचनामा आणि जखमेचे प्रमाणपत्र हाती येताच अर्ज दाखल केला. अपघात सांगली जिल्ह्यात झाला असूनही दावा कोल्हापुरात चालवता आला, कारण जखमी जिथे राहतो तिथल्या न्यायाधिकरणाकडे जाण्याची मुभा कलम 166 मध्येच आहे. पिकअपचा विमा चालू आहे की नाही, हे त्यांनी वाहन क्रमांकावरून एम-परिवहन या सरकारी ॲपवर आमच्यासमोरच पाहिले होते.

प्रकरण पुराव्याच्या टप्प्यातून बाहेर पडल्यानंतर सप्टेंबर 2025 च्या राष्ट्रीय लोकअदालतीत तडजोड झाली. लोकअदालतीत जायचे की निकालाची वाट पाहायची, यावर घरात मतभेद होते. तडजोडीच्या निवाड्याविरुद्ध अपील नसते, भरलेले न्यायालय शुल्क परत मिळते आणि पैसे लवकर येतात. परंतु अर्जाच्या तारखेपासून मिळू शकणाऱ्या व्याजातला बराचसा भाग तडजोडीत सोडावा लागतो. निकाल लागला तर विमा कंपनी उच्च न्यायालयात अपील करील, ही भीती पूर्वी फार मोठी होती, कारण त्याचा अर्थ मुंबईच्या खेपा असा होता. 18 ऑगस्ट 2025 पासून उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच (फिरते खंडपीठ) कोल्हापुरातच सुरू झाल्यामुळे ती भीती निम्मी झाली होती आणि मॅडमनी वाटाघाटीत या गोष्टीचा चांगला उपयोग केला. विमा कंपनीच्या अधिकाऱ्याने ‘अपिलात वर्षे जातील’ असे म्हटल्यावर त्यांनी खिडकीकडे हात करून “साहेब, आता अपील इथंच आहे” एवढेच सांगितले.

लोकअदालतीच्या पॅनेलसमोर कमाई 15,000, भविष्यातील वाढ 40 टक्के आणि कमाईच्या क्षमतेतील घट 30 टक्के धरण्यावर एकमत झाले. एवढ्याचा हिशेब 11,34,000 रुपये होतो. त्यात उपचारांचा खर्च, काम बंद असलेल्या काळातील बुडालेली कमाई, वेदना, जीवनातील सुखसोयींची हानी आणि पुढची शस्त्रक्रिया मिळवून एकत्रित साडेचौदा लाखांवर सह्या झाल्या. आमच्या मूळ मागणीपेक्षा ही रक्कम कमी आहे. कंपनीच्या हिशेबाच्या शेजारी ठेवली तर मात्र सुताराचे काम म्हणजे काय हे सिद्ध करण्यात घालवलेला वेळ कुठे गेला, ते दिसते. सह्या करण्यापूर्वी मॅडमनी भाऊजींना आणि माझ्या जाऊबाईंना बाजूला घेऊन, ही रक्कम मान्य केल्यावर पुन्हा मागे फिरता येणार नाही, हे दोनदा समजावून सांगितले आणि ‘नाही म्हणायचं असेल तर आत्ता म्हणा, मी वाईट वाटून घेणार नाही’ असे म्हटले. हे प्रत्येक वकील करतो असे नाही.

फी टप्प्याटप्प्याने घेतली गेली: दावा दाखल करताना काही, पुरावा सुरू होताना काही आणि उरलेली तडजोडीनंतर. रक्कम आधीच लेखी सांगितलेली होती आणि तीत शेवटी वाढ झाली नाही. टंकलेखन, झेरॉक्स आणि डॉक्टरांच्या साक्षीचा खर्च वेगळा लागला, त्याची मात्र पावती मागूनच घ्यावी लागली. भरपाईची रक्कम थेट भाऊजींच्या बँक खात्यात आली. वकिलांच्या किंवा मध्यस्थाच्या खात्यातून पैसे फिरवून घेण्याची जुनी तऱ्हा अजूनही कोणी सुचवत असेल, तर सावध राहिलेले बरे.

पाचपैकी गुण द्यायचे तर पुरावा आणि युक्तिवाद यांसाठी पाच, मुदत पाळण्यासाठी पाच आणि अशिलाला माहिती देण्यासाठी दोन, असे मी देईन. पगारपत्रक, सेवापुस्तक आणि विवरणपत्रे तयार असलेल्या नोकरदाराच्या दाव्यासाठी याच कार्यालयाची गरज आहे असे मला वाटत नाही. तसा दावा कोणताही अनुभवी वकील नीट चालवेल, आणि महिला, मुले, अपंग व्यक्ती, अनुसूचित जाती-जमातींतील लोक किंवा अल्प उत्पन्न गटातील कुटुंबांना जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून विनामूल्य वकील मिळू शकतो, तिथे आधी जावे. परंतु गवंडी, सुतार, प्लंबर, टेम्पोचालक, शेतमजूर अशा, अंगमेहनतीवर जगणाऱ्या आणि कमाईचा कागद नसलेल्या माणसाचा दावा असेल, तर मी याच कार्यालयाचा पत्ता देईन, आणि जाताना सगळ्या पावत्यांच्या झेरॉक्स काढून न्यायला सांगेन.